वर्षश्राद्धाच्या दिवशी पडलेली तारीख

मंगळवार, संध्याकाळ

केस परत उभी राहिली. पादरा गावच्या त्या माणसाने यांचं लेथ मशीन विकत नेलं आणि दिलेला चेक वटला नाही. मी एका तारखेला गैरहजर राहिले म्हणून माझी फिर्यादच काढून टाकली होती. आज वरच्या कोर्टाने अपील मान्य केलं. निकाल गुजरातीत आहे. माझं गुजराती दुकानांच्या पाट्या वाचून शिकलेलं, पण दोनदा वाचला आणि समजला.

त्या चुकलेल्या तारखेलाच यांचं वर्षश्राद्ध होतं. मला वाटलं, वकीलबाई एकट्या गेल्या तरी चालेल. त्यांना वाटलं, मी थेट कोर्टात येते आहे. फ्रीजवर फोन चार वेळा वाजला. मी सोवळ्यात वडे तळत होते, शिवले नाही. शिवले असते तर काय बिघडलं असतं? वर्षभर हेच डोक्यात. तो फोन वाजतोय आणि मी वडे उलटतेय.

मागे तो माणूस म्हणाला होता, "काकी, आता मशीन विसरून जा." आज तो भराभर कोर्टाचा जिना उतरला.

वकीलबाई म्हणाल्या, "मासी, तुमचं सोवळं जजसाहेबांना समजावताना मला घाम फुटला. यापुढे फोन उचलायचा, हं."

"उचलीन," म्हटलं.

रिक्षात एकटीच हसले. हे असते तर म्हणाले असते, "अगं, तू आधी कोर्टात जाऊन ये. मी काय, संध्याकाळी जेवलो असतो."