आठवी ओंजळ

मी चंद्रमौळी राव, वडिलांचे नाव त्र्यंबक राव, वय अठ्ठ्याहत्तर, निवृत्त दप्तरदार, राहणार मैलापूर, चेन्नई, हे मृत्युपत्र माझ्या स्वतःच्या अकलेने करीत आहे. कोणी धाक घातलेला नाही, कोणी गोड बोलून बसवलेले नाही. डोके ठिकाणावर आहे. हात कापतो, पण तो काफीचा टंबलर धरताना. लेखणी धरली की थांबतो. मागच्या महिन्यात केलेला मसुदा रद्द समजावा. का, ते कलम पाचमध्ये येईल.

भाषेबद्दल थोडेसे. आमच्या घरात तंजावरचे मराठी, आणि मी जन्मभर मोडी कागद वाचलेले. वरच्या खोलीतला भाडेकरू सिद्धार्थ मूळ रत्नागिरीचा, अंबत्तूरला मोटारींचे भाग बनवणाऱ्या कारखान्यात नोकरीला. मी लिहिलेले त्याने टाइप केले. "काका, तुमचं ऐकताना वाटतं, आत्ता दाराशी खलिता घेऊन स्वार येईल," असे म्हणत त्याने पुष्कळ शब्द आजचे केले. अर्थाला हात लावलेला नाही.

कलम एक. राहते घर माझी मुलगी हरिप्रिया हिला बिनशर्त. वकिलांनी एक अट सुचवली होती, ती मी खोडली. अटीवर दिलेले घर हे दिलेले नसते, भाड्याने लावलेले असते.

कलम दोन. बँकेत उरेल ते तिचेच. माझे भिंग आणि मऊ केसांचा ब्रश नात अनन्या हिला. भिंगातून तिने मुंग्या पाहाव्यात. मी त्यातून वाळवी पाहण्यात आयुष्य घालवले, मुंग्या बऱ्या.

कलम तीन. लोखंडी कपाटातली निळ्या कापडी बांधणीची वही. हिच्याबद्दल सविस्तर लिहिणे भाग आहे.

अडीचशे वर्षांपूर्वी मालवणाकडचे एक गलबत वादळात भरकटत, लंकेला वळसा घालून, आपल्या या चोळमंडळाच्या किनाऱ्याला आले. पाण्याची पिंपे फुटलेली होती. तहानेत दिवस काढल्यावर त्यांनी इंग्रजांच्या कंपनीच्या एका जहाजावर चढून चार पिंपे गोडे पाणी आणि थोडा तांदूळ घेतला. त्यांच्याजवळ कंपनीचे दस्तक, म्हणजे समुद्रावर फिरायचा परवाना नव्हता. आमचे दस्तक ज्याच्याजवळ नाही तो चाचा, म्हणजे समुद्री लुटारू, हा कंपनीचा नियम. कोकणातल्या आपल्या आरमाराचाही नियम तोच होता, शिक्का तेवढा वेगळा. आठ जण धरले गेले. सात जणांना समुद्राकडे तोंड करून फाशी दिले. आठवा, सुभाना, माफीचा साक्षीदार होऊन सुटला.

त्या खटल्याचे कागद एग्मोरच्या बाजूला एका खाजगी संग्रहात होते. संग्रह आता बंद आहे, नाव लिहीत नाही. मी तिथे नोकरीला होतो. कागद इमारतीबाहेर न्यायचा नाही, हा नियम मला पाठ होता. १९९४ साली मी तो गठ्ठा तीन दिवस घरी आणला आणि ओळ न ओळ उतरवून घेतला. शेजारच्या टेबलावरचा व्यंकट राव तिन्ही संध्याकाळी माझ्या घरी आला. आमच्या धंद्यात नक्कल ताडायला दोघे लागतात. तो मूळ कागद मोठ्याने वाचायचा, मी नकलेवर बोट फिरवायचो. हरिप्रियाची आई मध्ये काफी ठेवून जायची.

चौकशी झाली. व्यंकटने सगळे सांगितले. त्याला समज देऊन सोडले. मला अंबत्तूरच्या गोदामात खोकी राखायला पाठवले. अकरा वर्षे, निवृत्त होईपर्यंत.

त्या वर्षापासून महालय अमावास्येला, म्हणजे सर्वपित्रीला, मंदिराच्या तळ्याच्या पायरीवर, वाडवडिलांना पाणी देऊन झाले की मी या सात जणांना एकेक ओंजळ देतो. ज्यांचे गोत्र ठाऊक नाही त्यांना कश्यप गोत्र लावतात, तसे लावतो. पाण्यासाठी मेलेले लोक. त्यांना देणारे दुसरे कोणी नाही.

कलम चार. दाराआडची काळी छत्री वाद्यारांची आहे, म्हणजे आमच्या पुरोहितांची. सातांपैकी इब्राहिम दालदी या मुसलमान कोळ्याला मी तीळ न घालता नुसते पाणी देतो, हे कळल्यावर ते म्हणाले, "इब्राहिमाला कुठलं हो गोत्र लावता?" मी म्हणालो, "तहान." ते भर पावसात उठून गेले, छत्री राहिली. ती परत करावी. उत्तर परत घेतलेले नाही.

कलम पाच. मागच्या मसुद्यात मी ही वही आणि सात ओंजळी हरिप्रियावर सोपवल्या होत्या. वाचून दाखवल्यावर ती म्हणाली, "अप्पा, घर घेते. ही माणसं मला नकोत."

"का गं?"

"अंबत्तूरहून दमून यायचात आणि वही उघडायचात. माझ्या वाढदिवसालासुद्धा. त्या सात जणांना बाप होता. मला नव्हता."

ती नाही म्हणाली, म्हणजे पाणी माझ्याबरोबर संपले.

दुपारी डोळा लागला की मला एक दृश्य दिसते, पुष्कळ वर्षे दिसते. मैलापूरचे तळे काठोकाठ भरलेले आहे, आणि रथाच्या रस्त्याने, दुकानांच्या पाट्यांना शीड घासत, एक गलबत आवाज न करता आत येते. सात जण उतरून पायरीवर बसतात, पाण्यात पाय सोडून. एक जण दोर वळत असतो. कबुतरे त्यांच्या खांद्यांवर बसतात. आठवा डोलकाठीपाशी उभा राहतो, उतरत नाही. मी त्याच्याकडे कधी पाहत नसे.

गेल्या आठवड्यात हरिप्रियाने ती वही कपाटातून काढली आणि चार दिवस, अक्षर लावत लावत, वाचली. मग माझ्या खुर्चीशी आली.

"अप्पा, आरोपपत्रात तर यांची नावंच नाहीत. 'सात मराठे चाचे' एवढंच."

"नाहीतच."

"मग नावं कुणी सांगितली?"

"सुभानाने. जबानीत."

"बापाचं नाव, गाव, सगळं?"

"सगळं."

"आणि त्याला पाणी?"

"तो उलटला, हरी."

"एकतीस वर्षं त्याच्या तोंडची नावं घेताय, आणि त्यालाच कोरडा ठेवलाय?" ती वही मिटून म्हणाली, "आठ असतील तर मी देते. सात असतील तर नाही."

मी रात्रभर नाही, पण ती सबंध दुपार जागा राहिलो. मूळ कागद दहा वर्षांपूर्वीच्या पुरात लगदा झाले. आज जगात माझी नक्कल तेवढी आहे, आणि ती अस्सलावरून ताडलेली आहे असे सांगणारा एकच कागद: चौकशीतली व्यंकटची जबानी. ज्या जबानीने मला गोदामात घातले, तिच्यावरच ही सात नावे उभी आहेत.

व्यंकट दोन गल्ल्या पलीकडे राहतो. गेलो.

"काय चंद्रमौळी, एकतीस वर्षांनी दार सापडलं?"

"दार ठाऊक होतं. बेल वाजत नाही तुझी."

"ठोकायचं असतं. बैस." काफी आली. मग तो म्हणाला, "मी खरं तेच सांगितलं होतं रे."

"म्हणून तर राग राहिला. खोटं सांगितलं असतंस तर केव्हाच विसरलो असतो."

"नोकरी जाईल म्हणून घाबरलो होतो. मुली लहान होत्या."

"ठाऊक आहे. आता आणखी एकदा साक्ष दे."

"काय सांगायचं?"

"मी पूर्ण शुद्धीवर आहे, म्हणून."

"अय्यो! ते सांगणं कठीण आहे."

माझी वेताची खुर्ची मी त्याला देणार होतो. वकील म्हणतात, ज्याला काही मिळते त्याने साक्षीदार होऊ नये. म्हणून त्याला काहीही ठेवलेले नाही. सिद्धार्थलाही नाही, त्याच कारणाने.

कलम सहा. वही हरिप्रियाची. येत्या अमावास्येला, म्हणजे नऊ दिवसांनी, ती तळ्याच्या पायरीवर उतरेल. मी बाजूला उभा राहून तांब्या धरीन. बाईमाणसाला दर्भ देणार नाही असे कोणी म्हटल्यास दर्भावाचून द्यावे. ओंजळी आठ. पहिली सुभानाला, कारण पुढची नावे त्याच्याकडून यायची आहेत.

हे सर्व मी वाचून, समजून, पुढील दोघांच्या डोळ्यांसमोर सही केली.

मैलापूर, चेन्नई
१२ सप्टेंबर २०२५

(सही) टी. चंद्रमौळी राव

साक्षीदार
१. (सही) सिद्धार्थ सावंत
२. (सही) के. व्यंकट राव. सहीखाली त्याच्या हातचे: "इसम शुद्धीवर आहे. निळ्या वहीतली नक्कल मी स्वतः मोठ्याने वाचून ताडली आहे, ती अक्षरशः खरी आहे. नावे आठच आहेत. अमावास्येला मीही येतो."