तोंड झाकायचं कुणी?

हेमकांतकाका,

काल फोनवर तुम्ही ओरडलात, "फिल्ममधून मन्हं तोंड पुसी टाक, नई ते हाई घर तुन्हं नई!"

नाही पुसणार.

गेल्या वर्षी मजूर त्यांच्या काठी गावच्या होळीला गेले तर ऊसतोड अडेल, म्हणून तुम्ही त्यांना गोठ्यात कोंडलंत. कुलूप लावताना तुम्हाला मी शूट केलं. गोठा आपला म्हणून कॅमेरा खाली ठेवायचा होता का?

चेहरे मी पुसले होते, पण मजुरांचे. त्यांना पुढे त्रास नको म्हणून आम्ही माहितीपटात तसं करतो. कच्ची फिल्म त्यांना दाखवली, तर त्यांच्यातली धनुबाई माझ्यावरच भडकली. "कोंडलं त्याने, मग तोंड माझं का झाकलंस? मी काय चोरी केली?" मग एकेकाला विचारून मी सगळे चेहरे उघडे केले.

यंदा होळीला काठीच्या माळावरच फिल्मचा पडदा लावतेय. हे पत्र टाकत नाही, कारण आमंत्रण द्यायला धनुबाई स्वतः आपल्या ओट्यावर येणार आहे. काय बोलायचं तेही तिने ठरवलंय: "या, पाटील. आमच्या माळावर कुलूप नसतं. नाही बघवलं तर उठून घरी जा."

अजूनही त्याच घरची,
चारुलता