उजव्या कानात

धाकट्या गुरनैबा,

कालव्याच्या पाण्याच्या पाळीवरून मी तुला उलटं फावडं हाणलं आणि तुझा डावा कान कायमचा गेला. तू फिर्याद दिलीस, ते बरोबरच केलंस. पण आपल्या बीबीने, आईच ती, दोघांना एका ताटात जेवायला बसवलं. "भाऊ कोर्टात भांडणार, मग मी मरायचं कुणाच्या घरी रे?" तू मुकाट्याने समझोत्यावर सही केलीस.

ती सही राजीखुशीची आहे का, हे विचारायला तिथल्या न्यायाधीशांनी आपल्या दोघांना बोलावलं. "भावाला मनापासून माफ केलंस?" त्यांचा आवाज बारीक, तुला ऐकू गेलं नाही. तू उजवा कान माझ्याकडे केलास. मारणाऱ्याकडेच, वेड्या! मी वाकून एवढंच म्हणालो, "हो म्हण."

तू हो म्हणालास. त्यांच्या अहवालावरून चंदीगडच्या हायकोर्टात गुन्हा रद्द झाला, गावाने लाडू खाल्ले.

हल्ली पाळी आली की तू स्वतः सांगायला येतोस, थोरल्याचा मान देऊन "वीरजी" म्हणतोस आणि उत्तरासाठी उजवा कान पुढे करतोस. तेव्हा वाटतं, न्यायाधीशांचा तो प्रश्न आता तरी तुला सांगावा.

पण तू नाही म्हणालास तर?

तुझाच,
बलकार