घळीबद्दलची दोन पत्रं

१२ एप्रिल

घळीच्या काठावर ठोकलेल्या चोवीसपैकी एकवीस सळया जागेवर. तीन घळीत गेल्या — म्हणजे काठ तेवढा मागे आला. हे तिसरं वर्ष. खैरीतांड्याची घळ वर्षाला सरासरी सोळा इंच मागे सरकते, हे आता मी कोणासमोरही सांगू शकते. धाकट्या भावानं, शहजादनं, गॅरेजमध्ये सळया कापून देताना विचारलं होतं, "आपा, मट्टी मोजून कोणी डॉक्टर होते का?" होते. पुढच्या वर्षी पीएच.डी. झाली की होईन.

कॉलेजात वाळवंट शिकवायला घेतलं की पोरींच्या डोळ्यांसमोर उंट येतो. मी म्हणते, उंट सोडा, महागावहून वीस मिनिटं गाडीवर या. आठ महिने कोरडं, आणि मग वर्षाचं निम्मं पाणी चार-पाच दिवसांत. धरून ठेवायला गवत नाही. पाणी जमीन कापत सुटतं, मधे मातीचे सुळके उरतात, वरची माती वाहून गेली की नुसती गिट्टी राहते — फरशी घातल्यासारखी. कोरड्या मुलखात जमीन अशीच घडते. इथं वाळू नाही, एवढाच फरक.

२० एप्रिल

नेमसिंगभाऊ, तांड्याचे सरपंच, मला घळीच्या काठावरून साठ फूट मागे घेऊन गेले. चुन्याची फक्की मारलेली होती. नवी अंगणवाडी मंजूर झाली आहे. सध्या बावीस लेकरं एका घराच्या पडवीत बसतात.

"मॅडम, तुमच्या हिशेबानं घळ इथं यायले किती वर्षं?"

उभ्या उभ्या सांगितलं — चाळीसच्या वर. लेखी मागितलं, तर लेखी दिलं. जागा सुरक्षित आहे, खाली सही, नसरीन शेख, भूगोल विभाग. घाई केली असं वाटत नाही. तीन वर्षांचे आकडे आहेत माझ्याकडे.

२७ एप्रिल

मथुराबाई भेटली. सत्तरीची आहे, रोज बकऱ्या घेऊन घळीच्या बाजूनंच जाते. फक्कीकडे काठी दाखवून म्हणाली, "तिथं बांधून राह्यले? माह्या बकऱ्या तिथं बसत नाहीत. काठी आपटली का जमीन ढोलावानी वाजते."

मी म्हटलं, काळी माती आहे, उन्हाळ्यात भेगा पडतात, म्हणून वाजते.

"असंन. तू शिकेल हायेस. पण तू वरून मोजून राह्यली. खालून कोन मोजते?"

राग आला. शिकवायला गेले आणि शिकवून घेतलं, असं काहीसं.

२ मे

ते "खालून" डोक्यातून जात नाही.

४ मे

आज सळयांकडे पाहिलंच नाही. सरळ घळीत उतरले आणि भिंतीच्या पायथ्यानं चालत गेले. टाकळ्याच्या वाळक्या झुडपामागे भोक होतं, घागरीच्या तोंडाएवढं. साप नाही ना ते काठीनं पाहिलं आणि हात घातला. खांद्यापर्यंत गेला. आत गार. बाजू गुळगुळीत — जनावरानं उकरलेल्या नव्हत्या, पाण्यानं घासलेल्या. अशी आणखी चार भोकं सापडली. सगळी एकाच थरात, वरच्या काळ्या मातीखाली पिवळी माती आहे तिथं.

दोन्ही मातींची ढेकळं घरी आणली. अम्मीच्या काचेच्या गिलासांत पाणी भरून एकेक टाकलं. "माझ्या गिलासात माती?" अम्मी म्हणाली, पण बघत उभी राहिली. काळं ढेकूळ तुकडे होऊन तळाला बसलं. पिवळं पाच मिनिटांत विरघळलं, पाणी चहासारखं गढूळ. तळाशी काही नाही.

म्हणजे असं होतं — पाणी भेगांतून खाली जातं, पिवळ्या थराला लागतं, आणि त्यालाच घेऊन घळीत निघून जातं. आत नळ्या तयार होतात. वरचं काळं छत तसंच राहतं, त्यावर माझ्या सळयाही तशाच उभ्या राहतात. मग एक दिवस छत बसतं. काठ इंचाइंचानं मागे येतो हे खरं आहे, पण घळ फक्त तशीच वाढत नाही.

आणि मी सही करून दिली आहे.

५ मे

दिवसभर पेपर तपासले. एकाच मुलीची बेरीज तीनदा केली, तीनदा वेगळी आली.

९ मे

पाया खोदायला सुरुवात झाली. माझे मार्गदर्शक इंद्रजित सर फोनवर म्हणाले, "पाच भोकांवरून स्वतःचं पत्र मागे घेऊ नकोस. ती नळी अंगणवाडीखाली जाते हे दाखव. मग घे."

बरोबर आहे त्यांचं. पण दाखवायचं कसं? भेगांत रंगीत पाणी सोडून बघता आलं असतं. तांड्यावर पिण्याचं पाणी टँकरनं येतंय. चार ड्रम पाणी जमिनीत ओतू द्या, हे कोणत्या तोंडानं मागू?

मथुराबाईला जाऊन खरं काय ते सांगितलं. तू म्हणत होतीस ते बरोबर होतं, माझं चुकलं, हेही सांगितलं. तिनं तंबाखू मळली. मग म्हणाली, "पानी कायले पायजे? धूर कर. आमचे लोक बिळातून साळिंदर काढत, तसा."

११ मे

सकाळी सहाला पोचले. वारा नव्हता. घळीत भोकाच्या तोंडाशी मथुराबाईनं गवऱ्या रचल्या, वर ओला कडुलिंब टाकला. बाकीची चार भोकं आम्ही चिखलानं बुजवली. ती सुपानं वारा घालत बसली, मी वर जाऊन उभी राहिले.

पाच मिनिटं काही नाही. दहा मिनिटं काही नाही. कामावरचे लोक हसत होते. नेमसिंगभाऊ आले आणि म्हणाले, "मॅडम, शेकोटीचा टाइम गेला."

मग काठापासून पंधरा फुटांवर एका भेगेतून धूर आला. बारीक, उदबत्तीसारखा. मग तीस फुटांवर. मी त्या रेषेत चालत गेले, सगळे मागून आले. आणि अंगणवाडीच्या पायासाठी खोदलेल्या चरातून, पूर्वेच्या कोपऱ्यात, धूर वर यायला लागला. चरात उतरलेला माणूस पहार टाकून बाहेर आला.

नेमसिंगभाऊंनी खिशातून माझं पत्र काढलं. घडी घालून जवळच ठेवलं होतं त्यांनी.

"म्हंजे हे खोटं?"

"खोटं नाही, चुकीचं आहे. मी बरोबर मोजलं, पण मोजायचं ते मोजलं नाही."

"फाइल यावर पुढं गेली, मॅडम. आता मी काय सांगू?"

"माझं नाव सांगा. दुसरं पत्र मी आज देते."

बोलताना आवाज नीट होता, हे लिहून ठेवते.

१२ मे

दुसरं पत्र दिलं. पहिलं रद्द, कारणासकट. धुराचे फोटो जोडले. बांधकामाचे साहेब फोनवर म्हणाले, "मॅडम, तुम्ही एकदा हो म्हणता, एकदा नाही." मी म्हटलं, साहेब, दोन्ही वेळा सही माझीच आहे, दुसरी धरा. मग म्हणाले, पर्यायी जागा सुचवा.

वर, टेकाडावर, सुचवली. तिथं हातभर खोल गेलं की मुरूम लागतो. मुरूम पाण्यात विरघळत नाही — गिलासात दोन दिवस ठेवून पाहिला आहे.

१५ जून

टेकाडावर जोतं झालं. बायांची कुरकूर आहे — लहान लेकरांना एवढं चढवायचं? एकीनं तोंडावरच म्हटलं, "धूर काय, उंदराच्या बिळातून बी निघते." ऐकून घेतलं. माझं म्हणणं बदललं नाही.

८ जुलै

दोन मोठे पाऊस झाले. जुना चर तसाच. लोक मला तो मुद्दाम दाखवतात.

१९ ऑगस्ट

तीन दिवस झोडपून पाऊस. दुपारी नेमसिंगभाऊंचा फोन. एवढंच म्हणाले, "मॅडम, येऊन जा."

जुन्या चराचा पूर्वेचा कोपरा राहिला नव्हता. तिथं विहिरीसारखा खड्डा, दीड पुरुष खोल, तळातून पाणी घळीकडे धावतंय. वर सिमेंटची खोली आणि आत बावीस लेकरं असती तर — पुढचं वाक्य लिहीत नाही.

लोक हात जोडत होते. मला आनंद झाला नाही. मी खड्ड्याची दुसरी बाजू बघत होते. तिकडच्या भिंतीतही एक भोक होतं. तिकडून पाणी खड्ड्यात येत होतं — म्हणजे नळी इथं संपत नाही. त्या दिशेला तांड्याची खालची ओळ आहे. एकोणीस घरं.

२४ ऑगस्ट

ग्रामसभा. सगळं सांगितलं. फळ्यावर काळा थर, पिवळा थर, मुरूम काढून दाखवला. खालच्या ओळीतल्या घरांनी वर यावं, असं स्पष्ट म्हटलं.

"किती वर्षांत पडंन?" नेमसिंगभाऊंनी विचारलं.

एप्रिलमध्ये मी आकडा दिला असता. "मला माहीत नाही. या पावसात पडेल किंवा तीस वर्षं उभं राहील. खालची जमीन पोकळ आहे, एवढं नक्की."

लोक उठून गेले. राहतं घर असं कोण सोडेल? माझ्या बोलण्यानंतर फक्त मथुराबाई बसून होती, आणि तिचं घर वरच्या ओळीत आहे.

तरी आकडा दिला नाही याचा पस्तावा नाही. परत विचारलं तर परत हेच सांगेन.

३१ ऑगस्ट

चार दिवस उघाड आहे. पुन्हा समजवायचं ठरवून तांड्यावर गेले. नेमसिंगभाऊ स्वतःच्या घरावर चढून टिनाचे खिळे काढत होते. खालच्या ओळीतलं पहिलं घर त्यांचंच. वर मुरमावर खांब रोवून झाले होते.

मला पाहून थांबले. "तुमी साल सांगतलं असतं ना मॅडम, तर त्या सालापावतर बसलो असतो."

मी निघाले तोवर आणखी चार घरांची टिनं उतरली होती.