मोटार नंबर चारशे सतराचं पासिंग

ता. ६ फेब्रुवारी १९३८. मालेगाव.

आजपासून रोज लिहायचं. बाबांनी मला घरीच शिकवलं, आधी पाटीवर, मग जुन्या तिकिटांच्या पाठीवर. ते वाया जाऊ नये.

मुख्य काम असं. आमच्या मोटारीची, नंबर चारशे सतरा, नोंदणी मार्चअखेर संपते. नूतनीकरण करायचं तर आधी पासिंग. मोटारी तपासून पास करणारे सरकारी साहेब पंधरा मार्चला वाशीमला दौऱ्यावर येणार. मोटार नापास झाली तर मालेगाव–वाशीम फेरी बंद, आणि बाबांनी घरी बसायचं. बाबा घरी बसलेले मी कधी पाहिले नाहीत. पाहायचेही नाहीत.

संकल्प: कागदावर एक अक्षर खोटं लिहायचं नाही. एक पैचीही चोरी नाही.

ता. ८ फेब्रुवारी.

भाऊसिंग मिस्तरी येऊन मोटारीखाली शिरले. बाहेर आले ते यादी घेऊनच. मागचा टायर, ब्रेक, हॉर्न, डाव्या दिव्याची काच, डावा मडगार्ड, डावी पायरी. म्हणाले, "सारं डाव्याच अंगाचं काहून हो, ताई?"

मी सांगितलं, झाडं आणि पुलाचे कठडे त्याच बाजूला असतात. ते बराच वेळ हात पुसत राहिले. मिस्तरी लोक फार संशयी.

ता. ११ फेब्रुवारी.

मी पुढे बाबांच्या शेजारी बसते ते तिकिटांसाठी. आत्याला ते आवडत नाही. लग्नाची पोरगी मोटारीवर बसून गावोगाव हिंडते, म्हणते. तिला काम कळत नाही.

शिवाय मी बाबांना रस्ता सांगते. वळण आलं, बाबा. पूल आला. समोर दोन बैलगाड्या. गेल्या दिवाळीपासून सुरू केलं. इंजिनाच्या घरघरीत माणूस एकटा पडतो, त्याला कुणाचा तरी आवाज लागतो. आता तर पूल यायच्या आधीच बाबा माझ्याकडे किंचित मान वळवतात. किती माया.

ता. १४ फेब्रुवारी.

मोटारीखाली शेळी आली. चूक शेळीची. मालकाला बाबांनी लगेच भरपाई दिली. मी कुंकवाचं बोलत होते, रस्त्याकडे पाहिलं नव्हतं, एवढंच. (आत्यासाठी कुंकू आणायचं होतं, ते बाबांना सांगत होते.) पुढे बाबांनी विचारलं, "कोणत्या रंगाची होती, गोजरे?" मी म्हटलं, काळी. दुपारी ते जेवले नाहीत.

संकल्प: मोटारीत रस्त्याशिवाय दुसरं बोलायचं नाही.

ता. १९ फेब्रुवारी.

टायर अकोल्याहून आणावा लागेल. हे नूतनीकरण फीमध्ये नाही, फी फार थोडी आहे. फीच्या आधीचंच महाग. आईच्या सोन्याच्या पुतळ्या मोडल्या. तशाही त्या जड होत्या आणि उन्हाळ्यात मानेला घाम येतो. आत्या काही बोलली नाही, नुसता पुतळ्यांचा रिकामा डबा झाकून ठेवला. बोलली असती तर बरं झालं असतं.

ता. २३ फेब्रुवारी.

रिसोडची मंडळी काल मला पाहायला येऊन गेली. मी फेरीवर होते. आत्याने आठ दिवस आधी सांगितलं होतं हे खरं, पण फेरी चुकवायची कशी? बाबा म्हणाले, राह्य घरी, मी जातो एकटा. मी म्हटलं, नको.

का नको म्हटलं ते येथे लिहिण्याची गरज नाही. तिकिटं कोण फाडणार?

आत्या म्हणाली, "लाव मोटारीशीच लगन. हुंडा तर देऊनच राह्यली."

पासिंग झालं की रिसोडला पत्र टाकू.

ता. १ मार्च.

फॉर्म भरला. इंग्रजी आहे, बाबांनी शिकवलेलं उपयोगी पडलं. पहिल्या फॉर्मवर शाईचा थेंब पडला. दुसऱ्यावर मडगार्ड "दुरुस्त" लिहिलं, नंतर आठवलं की रंग अजून वाळला नाही. फाडला. तिसरा ठीक.

एका रकान्यात चालकाची दृष्टी विचारली आहे. पुष्कळ विचार केला. बाबा आवाजावरून माणूस ओळखतात, पावलावरून बैल ओळखतात. पेट्रोल किती उरलं ते डबा हलवून सांगतात. डोळे असणाऱ्या किती जणांना हे येतं? चष्मा लागत नाही, म्हणजे कधी लावलेला नाही. "चांगली" असं लिहिलं. अक्षर या रकान्यात सगळ्यात सुरेख आलं.

ता. ५ मार्च.

मिश्रीलाल शेटजी अंगणात येऊन गेले. त्यांच्या दुकानाचा माल आमच्याच मोटारीने येतो. बाबा हौदावर होते ते पाहून मला हळूच सांगितलं की बेटा, मोटार तुमचीच राहू दे, पण चालवायला भाऊसिंगला ठेवा. बाबांनी मालक म्हणून शेजारी बसावं. पहिल्या दोन महिन्यांचा पगार मी देतो.

कुणी फुकट देतं का? यांना मोटार हवी आहे. मी नम्रपणे नको म्हटलं. जाताना ते म्हणाले, "माझी माय बसत होती त्या मोटारीत, बेटा. म्हणून बोललो."

त्यांच्या आई, अंगुरीबाई, हल्ली शिरपूरच्या देवळाला दमणीतून जातात. मोटारीने मालेगावहून अर्धा तास, बैलांनी सारी सकाळ. म्हातारपणी माणसाला तपाची हौस येते.

ता. ११ मार्च.

टायर बसला. ब्रेक लागतो. हॉर्न तर असा वाजतो की आत्याच्या हातची परात पडली. नंबराची पाटी मी स्वतः रंगवली. काळ्यावर पांढरं ४१७, प्रत्येक आकडा वीतभर. बाबांना दाखवली. त्यांनी छान म्हटलं आणि आकड्यांवरून बोट फिरवलं. रंग ओला होता. सात पुन्हा काढावा लागला.

बोट धोतराला पुसत विचारलं, "साहेब गाडीच तपासते ना? अजून काही?"

मी म्हटलं, गाडीच, बाबा. मला तसंच वाटतं.

ता. १५ मार्च. सकाळी सहा.

मोटार नवरीसारखी दिसते. भाऊसिंग सोबत येत आहेत, काही निघालंच तर. फॉर्म, फी, नोंदणीचं जुनं पुस्तक, बाबांचं लायसन, सगळं पिशवीत. दोनदा पाहिलं. काळजीचं काहीही कारण नाही. पुन्हा एकदा पाहते.

ता. १६ मार्च.

काल लिहिलं नाही. आज लिहिते, खरं लिहायचा संकल्प आहे म्हणून.

सरकारी बंगल्याच्या आवारात साहेबांनी मोटार पाहिली. ब्रेक पाहिला, दिवे लावून पाहिले, हॉर्न वाजवला. कुठे बोट ठेवायला जागा नव्हती. अशी नेटकी गाडी या दौऱ्यात पाहिली नाही, म्हणाले. फॉर्म कुणी भरला विचारलं. मी म्हटलं, मी. म्हणाले, अक्षर छान आहे.

मग बाबांना आवाराच्या मधोमध उभं केलं आणि समोर हात करून म्हणाले, ती पाटी वाचा.

समोर निंबाखाली साहेबांची स्वतःची मोटार उभी होती. वीस-पंचवीस पावलांवर. मला आकडे स्वच्छ दिसत होते. आमची मोटार बाबांच्या पाठीशी होती.

बाबांनी माझ्याकडे किंचित मान वळवली. पुलाच्या आधी वळवतात तशी.

आकडे माझ्या जिभेवर आले होते. एवढे दिवस सांगितलं तसं हेही सांगता आलं असतं, मी तीन हातांवर होते, हळू बोलले असते तरी त्यांना ऐकू गेलं असतं. मी बोलले नाही. खोटं नको म्हणून बोलले नाही, असं काल वाटेवर मनाशी ठरवलं होतं. तेही खरं नाही. ते वाचतील असं मला वाटत होतं. शेवटपर्यंत वाटत होतं.

बाबा थांबले. मग ताठ उभं राहून म्हणाले, "चारशे सतरा."

कुणी हसलं नाही. साहेबांनी पुन्हा विचारलं नाही. त्यांनी फॉर्म घेतला, "चांगली" या शब्दावर लाल शाईने एक रेघ ओढली आणि बाबांचं लायसन आपल्या फायलीत ठेवलं. मोटारीच्या नोंदणीवर शिक्का मारला. एक वर्षासाठी. फीची पावती दिली.

बाबांनी विचारलं, "पास झाली ना गाडी?"

साहेब म्हणाले, गाडी पास झाली.

परत येताना भाऊसिंग चालवायला बसले. बाबा शेजारी, माझ्या जागेवर. मी त्यांच्या मागच्या बाकावर. शेटजींनी सांगितलं होतं अगदी तसंच. बाबांचे हात मांडीवर होते, काय धरावं ते त्यांना कळत नव्हतं. वळण गेलं. कठडा दिसला आणि सवयीने माझ्या तोंडून निघालं, पूल आला.

भाऊसिंग म्हणाले, "दिसून राह्यला मले, ताई."

पुढचं वळण गेलं, दोन बैलगाड्या गेल्या. आमच्या डाव्या अंगाला काहीही घासलं नाही. मग बाबा समोर पाहतच म्हणाले, "थे तुले नाई सांगत, भाऊसिंग. थे मले सांगून राह्यली. सांग गोजरे, काय आलं पुढं?"

पुढे घर आलं होतं. मी तसं सांगितलं.