काकाच्या फ्रीजचा व्हिडिओ

खातीपुरा, जयपूर. मंगळवार, संध्याकाळ.

माझ्या रोजच्या वहीत वार लिहिलास ना, मीनू? काल विसरलीस. मला अक्षर येत नाही, पण पेन चाललं की नाही ते ऐकू येतं.

तुझ्या काकाने पुण्याहून नव्या फ्रीजचा व्हिडिओ पाठवला. आधी गाडी, मग सोफा, आता हा. संध्याकाळभर मी एकटी त्याचं सामान बघत बसते. माणूस कुठेच नाही, आवाजाच्या जागी गाणं.

तू म्हणालीस, "आजी, फोन भरला. मतलब, काहीतरी डिलीट करावं लागेल."

पूस म्हटलं सगळं. तेवढ्यात फ्रीजच्या चकचकीत दारात तोच दिसला, फोन धरून उभा. किती वाळलाय! एवढा फ्रीज घेऊन खातो काय हा?

हा एक राहू दे गं. आईला सांग, उद्या काकाला डिंकाचे लाडू पाठवायचे, आणि तूप हात राखून घालायचं नाही.