आपल्या बोलीत सांग

सान बेनितो, टेक्सास
२ नोव्हेंबर १९८७

प्रिय डेल्फिनाताईस,
नोएमीचा स. न. वि. वि.

तुझं पुस्तक पोचलं. आईने ते आधी ग्वादालुपेमातेच्या तसबिरीपुढे ठेवलं, मग शेजारणीला दाखवलं आणि मला म्हणाली, बस, वाच. तिला इंग्रजी येत नाही, म्हणून मी आपल्या स्पॅनिशमध्ये सांगत गेले. कापसाच्या शेतातलं आपलं लहानपण ऐकून रडली. स्पॅनिश बोललीस म्हणून शाळेतल्या बाईंनी तुला मारलं, ते ऐकून तिने त्यांना ज्या शिव्या दिल्या त्या इथे लिहीत नाही.

पण ताई, पुढे तू सरळ लिहिलंयस की तुझ्यासोबत राहणारी आमालिया नुसती मैत्रीण नाही, तुझी जोडीदार आहे. ते मी वाचलंच नाही. पानं उलटली आणि कॅलिफोर्नियाच्या हवेबद्दल काहीतरी ठोकून दिलं. आता काय करू? आईने तुला घराची पायरी चढू दिली नाही तर?

माझ्यावर लोभ असू दे, आणि लवकर लिही.
तुझी नोएमी


सांता क्रूझ, कॅलिफोर्निया
९ नोव्हेंबर

चि. नोएमीस,
अ. आ.

हवा! धन्य आहेस बाई.

वाच सगळं. एक ओळ गाळू नकोस. बायकांनी गप्प बसू नये, आपली बोली टाकू नये, म्हणून मी गावोगाव भाषणं ठोकत फिरते. आणि रविवारी फोनवर आईशी बोलते ते फक्त तिच्या गुडघ्यांबद्दल. भीती वाटते गं. बाबा गेल्यापासून घर म्हणजे आईच. तिने नाताळाला येऊ नको म्हटलं तर नाही येणार. पण खोटं सांगून मला आत यायचं नाही.

ओझं तुझ्यावर टाकतेय, रागावू नकोस. प्रेम आहेच, ते राहू दे.
तुझी ताई


सान बेनितो
२० नोव्हेंबर

प्रिय ताईस,
स. न. वि. वि.

वाचलं. आई उठून घासलेलीच भांडी पुन्हा घासत बसली. मग जी कडाडली! आमालियावरून नव्हे हो. म्हणाली, घरात कोण आहे ते हिने साऱ्या जगाला सांगितलं, तेही मला न कळणाऱ्या भाषेत. मला आपल्या बोलीत सांगायला तोंड नव्हतं? मी काय परकी? दर हिवाळ्याला माझ्याकडून मोज्यांचे दोन जोड विणून घेते, त्यातला दुसरा कोणासाठी हे मला कळत नाही होय?

मी भीत भीत विचारलं, मग ताईने येऊ नये का? तर माझ्यावरच उखडली. नाताळाचे तमाले, मक्याच्या पिठाचे ते ढीगभर पुडे, काय तू एकटी पानांत बांधणार, म्हणे. पण रागावलेलं माणूस स्वयंपाकघरात असलं की तमाले कितीही वाफवा, कच्चेच राहतात, हे तुला ठाऊक आहे. म्हणून हुकूम असा: दोघींनी एक दिवस आधी यायचं, भांडण अंगणात पुरतं उरकायचं, मगच पिठाला हात लावायचा. आमालियानेही भांडणाला हजर राहायचं, घरचीच आहे ना!

सुटले बाई एकदाची! येताना लोभासोबत कॅलिफोर्नियाची संत्रीही आण.
तुझी नोएमी


सांता क्रूझ
२७ नोव्हेंबर

चि. नोएमीस,
अ. आ.

तुझं पत्र वाचून आधी रडले, मग हसत सुटले. दोघींची तिकिटं काढली.

पण अंगणापर्यंत थांबवेना. आजच आईला फोन लावला आणि आपल्या बोलीत म्हटलं, आई, माझं आमालियावर प्रेम आहे. आवाज इतका बारीक निघाला की आई म्हणाली, रेडिओ लागलाय, काही ऐकू येत नाही, मोठ्याने बोल. मग मोठ्याने बोलले. इतक्या मोठ्याने, की आमालिया काय झालं म्हणून बाहेरून धावत आली. आई म्हणाली, हं, आता ऐकलं.

तिला माझा नमस्कार, तुला पोटभर माया.
तुझी ताई